समर्पण की शरणागती? : शृंगारप्रधान साहित्यकृतींची माध्यमांतरे आणि सत्तेचा प्रश्न

प्रास्ताविक

साहित्यकृतीचे चित्रपटात माध्यमांतर होताना काय गळून पडते आणि काय नव्याने हाती लागते, याची चर्चा मराठी समीक्षेत अनेक अंगांनी झालेली आहे. कथानकाचा संक्षेप, निवेदकाचा लोप, अंतर्मनातील घडामोडींना दृश्यरूप देताना येणारी अडचण हे मुद्दे आता परिचित झाले आहेत. शृंगारप्रधान प्रसंगांच्या माध्यमांतराकडे मात्र आपण बहुधा श्लील-अश्लीलाच्या वादाच्या अंगानेच पाहत आलो. किती दाखवले, हा प्रश्न पुन्हा पुन्हा विचारला गेला. जे दाखवले त्यात कोणी कोणाकडे काय मागितले आणि ते नाकारण्याची मुभा होती काय, हा प्रश्न त्यामानाने दुर्लक्षित राहिला. प्रस्तुत लेखाचा विषय हा दुसरा प्रश्न आहे.

या प्रश्नासाठी लागणारी संज्ञा आपल्याच काव्यशास्त्रात उपलब्ध आहे. रती एकाच पक्षी असेल, दुसऱ्या पक्षाला ती मान्य नसेल, तर तेथे शृंगाररस नसून शृंगाराभास असतो, असे संस्कृत साहित्यशास्त्र मानते. अभिनवगुप्ताने यासाठी रावणाच्या सीतेविषयीच्या अभिलाषेचे उदाहरण घेतले आहे. रावणाला आपली भावना खरी वाटते. ऐकणाऱ्यालाही क्षणभर ती तशी वाटू शकते. परंतु सीतेच्या बाजूने तिला प्रतिसाद नाही, हे ध्यानात येताच तो शृंगार नव्हे, त्याचा केवळ आभास आहे, हे स्पष्ट होते. या विचाराचे महत्त्व असे की, त्यात शृंगाराची कसोटी देहाच्या दर्शनावर ठेवलेली नाही, उभयपक्षी संमतीवर ठेवलेली आहे. 'उभयपक्षी संमती' हा शब्दप्रयोग आधुनिक असला तरी भेद जुना आहे.

हा विचार रायपूरच्या परिसरातून मांडण्यास काही औचित्य आहे. नागपूरकर भोसल्यांची सत्ता छत्तीसगडावर १८५४ पर्यंत होती. पुढे नागपूर ही मध्यप्रांताची राजधानी राहिल्यामुळे १९५६ पर्यंत या भागाचे मराठीशी असलेले नाते प्रशासकीय आणि शैक्षणिक असे दोन्ही प्रकारचे होते. हबीब तन्वीर यांचा जन्म रायपूरचा (१९२३) आणि पदवी नागपूरच्या मॉरिस महाविद्यालयातील. सत्यदेव दुबे यांचा जन्म बिलासपूरचा (१९३६). त्यांनी मुंबईत राहून मराठी आणि हिंदी रंगभूमीला एकमेकींच्या जवळ आणले. विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' या नाटकावरील १९७१ चा चित्रपट दुबे यांनीच दिग्दर्शित केला. ज्या माध्यमांतरांचा विचार येथे करावयाचा आहे, त्यांतील काहींचे धागे याप्रमाणे छत्तीसगडातून मराठीत आणि मराठीतून पुन्हा हिंदीत गेलेले आहेत.

भाषेतील सत्ता

प्रथम शब्दांकडे पाहणे आवश्यक आहे. 'शरण' हा शब्द मराठीत तीन ठिकाणी वावरतो. पराभूत राजा शरण येतो, भक्त देवाला शरण जातो आणि प्रेमातही शरण जाण्याची भाषा केली जाते. पहिल्या ठिकाणी सक्ती उघड आहे. दुसऱ्या ठिकाणी भक्ताची इच्छा हेच सर्वस्व आहे. तिसऱ्या ठिकाणी यांपैकी कोणता अर्थ घ्यावयाचा, हे संदर्भावर सोडून दिले जाते आणि तेथेच घोटाळा होतो. मधुराभक्तीच्या परंपरेने आत्मसमर्पणाला जी प्रतिष्ठा मिळवून दिली, ती प्रतिष्ठा सक्तीने घडवलेल्या शरणागतीलाही आयतीच मिळते.

क्रियापदांचीही साक्ष काढता येईल. स्त्री सासरी 'नांदते' आणि नवरा तिला 'नांदवतो'. पुरुष बाई 'ठेवतो'. बाईने पुरुष ठेवला असे म्हटले की तो उपहास होतो. मुलीला देवीला वाहतात, तेव्हा तिला देवाला 'सोडली' असे म्हणतात. म्हणजे जन्मभरासाठी बांधून टाकण्याच्या कृतीला भाषेने मोकळे करण्याचे क्रियापद दिले आहे. या सर्व प्रयोगांत स्त्री कर्मस्थानी आहे. कादंबरीकाराला किंवा आत्मचरित्रकाराला वाक्यरचना बदलून तिला कर्तृपदी आणता येते. चित्रपटाला व्याकरण नसते असे नाही, पण तेथे कर्तेपण कॅमेऱ्याच्या जागेवरून ठरते. लॉरा मल्व्ही यांनी १९७५ साली प्रसिद्ध झालेल्या निबंधात रूढ चित्रपटातील पाहण्याची कृती पुरुषाकडे आणि पाहिले जाणे स्त्रीकडे सोपवलेले असते, असे प्रतिपादन केले, ते या ठिकाणी उपयुक्त ठरते.

पाश्चात्त्य परंपरेत या विषयाला एक निराळे वळण लागलेले दिसते. लिओपोल्ड फॉन झाखर-माझोख यांच्या 'व्हीनस इन फर्स' (१८७०) या कादंबरीत नायक स्वेच्छेने करार करून एका स्त्रीचे दास्य पत्करतो. त्या लेखकाच्या नावावरूनच क्राफ्ट-एबिंग यांनी पुढे एक वैद्यकीय संज्ञा घडवली. एकविसाव्या शतकात 'फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे' या कादंबरीतही करारनाम्याची कल्पना केंद्रस्थानी आहे. तिच्यावरील चित्रपटाला २०१५ मध्ये आपल्या प्रमाणन मंडळाने प्रदर्शनाची परवानगी नाकारली. या परंपरेत दोन व्यक्ती समोरासमोर असतात आणि सत्ता हा त्यांच्यातील खेळ असतो, असे निदान गृहीत धरलेले असते.

मराठीतही करार आहे. तेंडुलकरांच्या 'सखाराम बाइंडर' (१९७२) या नाटकात नवऱ्याने टाकलेल्या स्त्रीला घरात आणताना सखाराम तिला अटी सांगतो आणि हवे तेव्हा निघून जाण्याची मोकळीकही देतो. अटी स्पष्ट आहेत, फसवणूक नाही. तरीही तो करार खरा नाही, कारण ज्या बाईला जाण्यासाठी दुसरे घरच नाही, तिच्या संमतीला कितीसा अर्थ उरतो? नाटकावर बंदी आली आणि निर्मात्यांना न्यायालयात जावे लागले. वाद झाला तो संस्कृती आणि अश्लीलता यांवर. नाटकाने विचारलेला प्रश्न मात्र दारिद्र्य आणि आश्रय यांचा होता. आपल्याकडील सत्ता ही क्वचितच एका व्यक्तीची असते. तिच्या पाठीशी घर, जात, देवस्थान, दरबार किंवा चित्रसंस्था उभी असते. म्हणून आपल्याकडील माध्यमांतरांचे मूल्यमापन करताना, पडद्यावर ही पाठीशी उभी असलेली संस्था दिसते की नाही, हे पाहणे अगत्याचे ठरते.

'मृच्छकटिक' : रायपूर ते मुंबई

शूद्रकाचे 'मृच्छकटिक' हे या दृष्टीने आद्य उदाहरण मानावे लागेल. पहिल्याच अंकात राजाचा मेहुणा शकार अंधारात वसंतसेनेचा पाठलाग करतो. अनुराग गुणांमुळे निर्माण होतो, बळजबरीने नव्हे, अशा आशयाचे उत्तर ती त्याला देते. गणिकेने दिलेले हे उत्तर असल्यामुळे त्याला विशेष वजन आहे. जिचा व्यवसायच देहाचा, तिला नकाराचा अधिकार आहे, हे नाटकाने आरंभीच प्रस्थापित केले आहे. पाचव्या अंकात तीच वसंतसेना भर पावसात स्वतःहून चारुदत्ताच्या घरी जाते. या दोन प्रसंगांत एकच स्त्री आणि एकच देह आहे. एकात शृंगाराभास आहे, दुसऱ्यात शृंगार.

याहून सूक्ष्म असे दोन प्रसंग बहुधा दुर्लक्षित राहतात. चौथ्या अंकात वसंतसेना आपली दासी मदनिका हिला कोणतेही मोल न घेता मुक्त करते आणि शर्विलकाच्या हाती सोपवते. ज्याच्या हाती सत्ता आहे त्यानेच ती सोडून द्यावी, असे हे समर्पण आहे. आठव्या अंकात शकार आपल्या गाडीवानाला, म्हणजे स्थावरकाला, वसंतसेनेला ठार मारण्याची आज्ञा करतो. धन्याची सत्ता आपल्या देहावर चालते, चारित्र्यावर चालत नाही, अशा आशयाचे बोलून तो दास नकार देतो. संपूर्ण नाटक याप्रमाणे नकारांनी बांधलेले आहे आणि त्यामुळेच त्यातील होकाराला किंमत आहे.

मराठी रंगभूमीवर हे नाटक गोविंद बल्लाळ देवल यांच्या संगीत रूपाने रुजले आणि बालगंधर्वांनी त्यात वसंतसेनेची भूमिका केली. पुरुषनटाने साकारलेल्या वसंतसेनेत शृंगार हा गायन, नेपथ्य आणि वेशभूषा यांच्या द्वारे संकेतित होत असे. १९५८ मध्ये हबीब तन्वीर यांनी दिल्लीत 'मिट्टी की गाडी' सादर केले, तेव्हा छत्तीसगडातील सहा लोककलावंतांना त्यांनी त्यात घेतले. नाचा या लोकनाट्याच्या परंपरेत वाढलेल्या नटांमुळे राजाच्या मेहुण्याचा दरारा हास्यास्पद ठरू शकला. शकाराच्या वाट्याला हास्य यावे, हे रसशास्त्राशीही सुसंगतच आहे, कारण आभासातून हास्य निर्माण होते, असे शास्त्रकारांनीच म्हटले आहे. गावकुसाच्या आतबाहेर ज्यांनी मालगुजाराची सत्ता पाहिली होती, त्या नटांना ही गोष्ट शास्त्र न वाचताही समजत असावी.

याच नाटकावर गिरीश कार्नाड यांनी १९८४ साली 'उत्सव' हा हिंदी चित्रपट केला. निर्माते शशी कपूर होते आणि शकाराची, म्हणजे संस्थानकाची भूमिकाही त्यांनीच केली. वसंतसेनेच्या भूमिकेत रेखा होत्या. गीते मराठी-हिंदी अनुवादक म्हणून ख्यातनाम असलेल्या वसंत देव यांची होती. चित्रपटाची जाहिरात आणि त्याची लोकप्रिय प्रतिमा शृंगाराभोवती उभी राहिली, यात शंका नाही. अलंकार, दीपप्रकाश आणि देह यांवर कॅमेरा रेंगाळतो. परंतु कार्नाडांनी एक नवे पात्र आणले आहे : कामशास्त्रासाठी टिपणे जमवत गणिकागृहात फिरणारा वात्स्यायन. अमजद खान यांनी साकारलेले हे पात्र विनोदी आहे. प्रेक्षकाच्या कुतूहलालाच पडद्यावर देह मिळाला आहे असे त्याच्याकडे पाहून म्हणता येईल. आपण पाहतो आहोत, हे प्रेक्षकाला विसरू न देण्याचे काम तो करतो.

शेवटाचा बदल अधिक गंभीर आहे. मूळ नाटकात राज्यक्रांती झाल्यावर नवा राजा वसंतसेनेला वधूपद देतो. गणिकेची मुक्ती राजाज्ञेने होते. चित्रपटात चारुदत्त आपल्या संसारात परततो आणि वसंतसेना आपल्या जागी. सत्ता गमावलेला, मार खाल्लेला संस्थानक तिच्या दाराशी येतो आणि ती त्याला दूर लोटत नाही. हा शेवट अनेकांना खटकला आहे आणि तो खटकणे स्वाभाविक आहे, कारण ज्याने गळा आवळला त्याला आश्रय देणे ही जुन्या क्षमाशील स्त्रीप्रतिमेचीच पुनरावृत्ती वाटू शकते. तथापि येथे सत्तेची दिशा उलटलेली आहे, हेही नोंदवले पाहिजे. शरण आला आहे तो पुरुष, आणि दार उघडावे की नाही हे ठरवणारी स्त्री आहे. प्रस्तुत लेखकाच्या मते हा शेवट अर्धाच यशस्वी होतो. नकाराचा अधिकार तिच्या हाती आला, तरी परिस्थितीने तिच्यापुढे दुसरे दार ठेवलेले नाही. सखारामच्या घरातील बाईसारखीच तीही मोकळी आणि निराधार आहे.

नकाराचे मोल : 'चरणदास चोर'

तन्वीर यांच्या 'चरणदास चोर' (१९७५) या नाटकात हाच प्रश्न उलट बाजूने येतो. विजयदान देथा यांच्या राजस्थानी लोककथेवर आधारलेले हे नाटक छत्तीसगडी नटांनी जगभर नेले आणि १९८२ मध्ये एडिंबरा येथील महोत्सवात त्याला पुरस्कार मिळाला. चोराने गुरूसमोर गमतीत घेतलेल्या व्रतांत राणीशी लग्न न करण्याचे एक व्रत आहे, आणि खोटे न बोलण्याचे वचन गुरूने त्याच्याकडून घेतले आहे. राणी त्याच्यावर अनुरक्त होते व लग्नाची मागणी घालते. तो नकार देतो. निदान हा नकार बाहेर कोणाला सांगू नकोस, एवढेच ती मागते. पण त्याला खोटे बोलता येत नाही. शेवटी त्याला प्राण गमवावे लागतात.

येथे मागणारी स्त्री आहे आणि नाकारणारा पुरुष आहे. यावरून असे दिसते की, प्रश्न केवळ स्त्री-पुरुषांचा नसून सत्तास्थानाचा आहे. ज्याच्या हाती तलवार आहे त्याची प्रीती विनंतीच्या शब्दांत आली, तरी ती आज्ञाच असते. श्याम बेनेगल यांनी त्याच वर्षी बालचित्र संस्थेसाठी या कथेवर चित्रपट केला. नाचाचे कलावंत त्यात होते आणि राजकन्येच्या भूमिकेतून स्मिता पाटील यांचे चित्रपटात पदार्पण झाले. बालप्रेक्षकांसाठी असल्यामुळे शृंगाराचा अंश सूचक राहिला. परंतु सत्ता आणि अभिलाषा यांचे नाते मात्र उघडे राहिले. पुढे दोन वर्षांनी त्याच अभिनेत्रीच्या वाट्याला नेमके विरुद्ध टोक आले.

'सांगत्ये ऐका' आणि 'भूमिका'

हंसा वाडकर यांचे 'सांगत्ये ऐका' हे आत्मकथन १९७० मध्ये पुस्तकरूपाने आले. शीर्षक त्यांच्याच १९५९ च्या गाजलेल्या तमाशापटावरून घेतलेले आहे. शब्दांकन अरुण साधू यांचे. शीर्षकातच कर्तृपद आहे : सांगणारी 'मी' आणि ऐकणारे 'तुम्ही'. लहान वयात कुटुंबाच्या चरितार्थासाठी चित्रपटात येणे, विवाहातील हिशेब, मद्य, घर सोडून जाणे आणि दुसऱ्या घरात अडकून पडणे हे सर्व त्या कोणताही आडपडदा न ठेवता सांगतात. स्वतःला निर्दोष ठरवण्याची धडपड त्यांच्या निवेदनात नाही. त्यामुळेच त्यातील शरणागतीचे प्रसंग केवळ करुण राहत नाहीत.

बेनेगल यांचा 'भूमिका' (१९७७) हा या आत्मकथनावर आधारित हिंदी चित्रपट. पटकथा बेनेगल, गिरीश कार्नाड आणि सत्यदेव दुबे यांची, संवाद दुबे यांचे. पटकथेला आणि स्मिता पाटील यांच्या अभिनयाला राष्ट्रीय पुरस्कार लाभले. चित्रपटाच्या आरंभी लावणीच्या बाजाचे नृत्य दिसते आणि मग ते चित्रीकरण असल्याचे कळते. प्रेक्षक ज्या शृंगारात क्षणभर रमला, त्याच्यामागे दिवे, यंत्रे, निर्माता आणि पैसा आहे, हे दिग्दर्शक लगेच उघड करतो. आत्मकथनातील निवेदिकेचा आवाज पडद्यावर हरवणार, ही भीती या एका योजनेने बरीच कमी होते.

चित्रपटातील नायिका उषा हिच्या आयुष्यातील पुरुष स्वभावाने परस्परांहून भिन्न आहेत. अमोल पालेकरांनी साकारलेला नवरा तिच्या मिळकतीवर जगतो आणि तिला गर्भपात करावयास लावतो. अमरीश पुरी यांनी साकारलेला श्रीमंत विनायक काळे तिला आदराने वागवतो, घर देतो, आणि त्या घराचा उंबरठा ओलांडण्याची मनाई करतो. मुलाला जत्रेला नेण्याची साधी इच्छाही तिला पुरवता येत नाही. काळे याच्या वागण्यात कोठेही आरडाओरड नाही. आजारी अवस्थेत अंथरुणाला खिळलेली त्याची पत्नी उषाला सुचवते की, घरे आणि शय्या बदलल्या तरी पुरुष बदलत नाही. सौजन्यातून प्रकट होणारी सत्ता हा या चित्रपटाचा खरा शोध आहे. काळे याच्याकडे उषा स्वेच्छेने आली होती, म्हणून तेथील शृंगार आरंभी खरा आहे. परत जाण्याची वाट बंद झाली त्या क्षणी त्याचा आभास झाला. संमती एकदा दिली की ती कायमची होत नाही, ही गोष्ट मराठी आत्मकथनाने सांगितली आणि चित्रपटाने ती दृश्यरूपाने जपली.

न्यायालयातील 'शरणागती'

'भूमिका' प्रदर्शित झाल्यानंतरच्याच वर्षी, १९७८ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने 'तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या खटल्याचा निकाल दिला. साहित्य आणि चित्रपटांच्या चर्चेत खटल्याचा उल्लेख अप्रस्तुत वाटेल. परंतु आपला विषय ज्या भेदावर उभा आहे, तोच भेद येथे कायद्याच्या भाषेत मांडला गेला. १९७२ मध्ये तत्कालीन चंद्रपूर जिल्ह्यातील देसाईगंज येथील पोलीस ठाण्यात एका आदिवासी मुलीवर पोलिसांनी अत्याचार केल्याचा हा खटला होता. देसाईगंज आज गडचिरोली जिल्ह्यात, म्हणजे छत्तीसगडला लागून असलेल्या जिल्ह्यात आहे. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने भीतीपोटी घडलेली देहाची हतबल शरणागती आणि संमती यांत भेद केला व आरोपींना दोषी ठरवले. सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. मुलीच्या अंगावर प्रतिकाराच्या खुणा नाहीत, याला त्या निर्णयात महत्त्व मिळाले.

उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर या चार विधिज्ञांनी १९७९ मध्ये सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. त्यातून देशभर चळवळ उभी राहिली. १९८३ मध्ये कायद्यात दुरुस्ती होऊन पोलीस कोठडीसारख्या सत्तेच्या छायेत घडलेल्या प्रकरणांत स्त्रीने संमती नव्हती असे सांगितल्यास ते गृहीत धरण्याची तरतूद झाली. प्रतिकार केला नाही एवढ्यावरून संमती ठरत नाही, हे २०१३ च्या दुरुस्तीने स्पष्ट शब्दांत नमूद केले. देहाच्या निश्चलतेला समर्पण समजण्याची चूक पडद्यासमोर बसलेला प्रेक्षक करतो, तेव्हा त्याचे परिणाम पडद्यापुरतेच राहतात, असे म्हणता येत नाही. त्याच समाजातून न्यायाधीश, पोलीस आणि पंच येतात.

दरबार आणि देवस्थान : 'अनाहत' व 'जोगवा'

एकविसाव्या शतकाच्या पहिल्या दशकातील दोन मराठी चित्रपट या विषयाला पुढे नेतात. अमोल पालेकर दिग्दर्शित 'अनाहत' (२००३) हा सुरेंद्र वर्मा यांच्या 'सूर्य की अंतिम किरण से सूर्य की पहली किरण तक' या हिंदी नाटकावर आधारित आहे. राजा संतती देण्यास असमर्थ आहे, राज्याला वारस हवा आहे, म्हणून अमात्यमंडळ राणी शीलवतीला एका रात्रीपुरता पुरुष निवडून नियोग करावयास भाग पाडते. राणीची इच्छा विचारात घेतली जात नाही. तिच्या देहाची मागणी राज्यसंस्था करते आणि धर्मशास्त्र तिला आधार देते. येथवर हा शुद्ध शृंगाराभास आहे. परंतु राणी आपल्या पूर्वीच्या प्रियकराची निवड करते आणि सक्तीने लादलेल्या त्या रात्रीत तिला स्वतःच्या इच्छेची ओळख पटते. पहाटे परतलेली शीलवती अमात्यांना प्रश्न विचारू लागते. ज्यांनी मातृत्व मागितले होते त्यांना स्त्रीत्वाचा हिशेब द्यावा लागतो.

या संहितेचे वैशिष्ट्य असे की, तिने मीलनाचा प्रसंग मुख्य केलेला नाही. आज्ञा आणि परतणे यांना महत्त्व दिले आहे. त्याच रात्री राजवाड्यात जागा असलेला राजाही आपल्यासमोर आहे. सत्तेच्या यंत्रणेत तोही वापरला गेला आहे. अनंत नाग, सोनाली बेंद्रे आणि दीप्ती नवल यांच्या भूमिका असलेल्या या चित्रपटात शृंगार बराचसा संवादातून उलगडतो. काही समीक्षकांना ही नाटकाची छाया वाटेल. तथापि शब्दांनी प्रश्न विचारण्याचा अधिकार नायिकेकडून काढून घेऊन तो कॅमेऱ्याकडे दिला असता, तर या कथेचा अर्थच उलटला असता.

राजीव पाटील दिग्दर्शित 'जोगवा' (२००९) मध्ये मागणारी सत्ता देवस्थानाची आहे. राजन गवस यांच्या 'चौंडकं' व 'भंडारभोग' या कादंबऱ्या आणि चारुता सागर यांची 'दर्शन' ही कथा यांवर हा चित्रपट आधारलेला आहे. महाराष्ट्र-कर्नाटक सीमाभागातील यल्लम्माच्या परंपरेत केसांत जट आली म्हणून सुलीला जोगतीण केले जाते. तायप्पाला लुगडे नेसवून जोगता केले जाते. एकीची वासना समाजाच्या स्वाधीन केली जाते आणि दुसऱ्याचे पुरुषपण काढून घेतले जाते. १९३४ चा मुंबई इलाख्यातील कायदा आणि १९८२ चा कर्नाटकातील कायदा यांनी ही प्रथा निषिद्ध ठरवली होती, महाराष्ट्रानेही पुढे स्वतंत्र कायदा केला; कादंबऱ्यांतील वास्तव मात्र कायद्याच्या अंमलाबाहेरचे आहे.

या पार्श्वभूमीवर सुली आणि तायप्पा यांचे एकमेकांकडे ओढले जाणे ही केवळ प्रेमकथा राहत नाही. देवाच्या नावाने ज्यांच्याकडून सर्व काढून घेतले गेले, त्यांच्याकडे द्यावयास काही शिल्लक आहे, याचा तो शोध आहे. येथे समर्पण हीच बंडाची कृती ठरते, कारण ते मागितलेले नाही. उलट निषिद्ध ठरवलेले आहे. उपेंद्र लिमये यांच्या अभिनयाला, अजय-अतुल यांच्या संगीताला आणि हरिहरन व श्रेया घोषाल यांच्या गायनाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. 'जीव रंगला' हे गीत चित्रपटाचा संदर्भ माहीत नसणाऱ्यांच्याही ओठी आहे. यात माध्यमांतराचा एक धोका दडलेला आहे. कादंबरीतून शृंगाराचा परिच्छेद सुटा करता येत नाही. चित्रपटातून गीत सहज सुटे होते आणि त्याच्यामागे उभी असलेली सक्ती मागेच राहते.

समारोप

वरील विवेचनातून काही निष्कर्ष मांडता येतील. पहिला असा की, शृंगारप्रधान साहित्यकृतीचे माध्यमांतर करताना देहदर्शनाचे प्रमाण हा दुय्यम प्रश्न आहे. 'उत्सव' मध्ये ते अधिक आहे, 'अनाहत' मध्ये कमी आहे. परंतु मागणारा कोण, हे दोन्ही चित्रपट लपवत नाहीत. दुसरा निष्कर्ष असा की, आपल्या परंपरेतील सत्ता संस्थेच्या रूपाने येते. राजाचा मेहुणा, निर्माता, मालक, अमात्य आणि देवी यांची नावे घेतली गेली, तरच नायिकेच्या कृतीचा अर्थ लागतो. ही नावे गाळून केवळ दोन व्यक्तींचे मीलन दाखवले की सक्तीचे रूपांतर सौंदर्यात होते आणि आभासाला रसाचे रूप मिळते. तिसरा निष्कर्ष नकाराविषयी आहे. वसंतसेना, स्थावरक आणि चरणदास यांनी दिलेले नकार वगळून समर्पणाची चर्चा करता येत नाही.

निवेदक नाहीसा होतो ही माध्यमांतराची अपरिहार्यता आहे, असे आपण मानत आलो. 'भूमिका' मधील चित्रीकरणाचा प्रसंग, 'उत्सव' मधील वात्स्यायन आणि 'अनाहत' मधील पहाटेचे प्रश्न पाहता असे दिसते की, समर्थ दिग्दर्शक निवेदकाला निराळ्या रूपाने परत आणतो. तो कोणत्या क्षणी परततो, याकडे अभ्यासकांनी लक्ष देणे आवश्यक आहे. शृंगाराच्या अत्युच्च क्षणी प्रेक्षकाला थांबवून, हे दिले गेले की घेतले गेले, असे विचारण्याची सोय ज्या कलाकृतीत आहे, ती मूळ साहित्यकृतीशी अधिक प्रामाणिक म्हटली पाहिजे. छत्तीसगडी नाचातील विनोदाने ही सोय फार पूर्वी करून ठेवलेली आहे आणि हंसा वाडकरांच्या बोलण्यातही ती आहे. मराठी माध्यमांतराच्या यापुढील अभ्यासात लोकनाट्य, आत्मकथन आणि चित्रपट यांचा असा एकत्र विचार व्हावा, एवढीच अपेक्षा येथे नोंदवता येईल.